पुठ्ठ्यावरचं वावर

अंजनगावहून अकोटच्या रस्त्याला लागलं की गाव मागे पडता पडता उजव्या हाताला सातपुडा दिसायला लागतो. आधी नुसती धुरकट रेघ, मग निळसर घडी, आणि हवा स्वच्छ असेल तर घडीच्या आतल्या घड्याही. रस्ता आणि डोंगर यांच्यामध्ये दुसरं काही नाही, काळं सपाट वावर. त्या रस्त्यावर एक मोरी होती. सिमेंटचे नळे, वर माती, आणि दोघींना बसता येईल एवढा रुंद कठडा. यंदा दिवाळी झाल्यावर नात्यातल्या एका मुलीच्या साक्षगंधासाठी आम्ही दोघी बहिणी गावाकडे गेलो होतो. परत अमरावतीला यायचं, म्हणजे गाडी उलट्या अंगाला वळवायची. पण ताई गाडीत बसली, पट्टा लावला आणि म्हणाली, "अकोट रोडनं घे."

"तिकडं कायले?"

"मोरीपाशी थांबू जरा."

मोरी आता तिथे नाही. रस्ता रुंद झाला तेव्हा ती गेली, कठड्याच्या जागी पत्र्याची पट्टी आली आहे. बाजूचा कडुनिंबही तोडला. मी गाडी कडेला घेतली आणि ताईला हे सांगितलं, कारण ताईला आता दिसत नाही. उजेड आहे की अंधार, एवढं कळतं, तेही एकाच डोळ्यानं. ती उतरली, काठी उघडली, मान बरोबर उत्तरेकडे वळवली आणि म्हणाली, "डोंगर तर असंनच."

"आहे."

"मग झालं."

वावरात तूर उभी होती, तिच्यामधल्या ओळींत कपाशी फुटायला लागली होती. ताई तिथे वाऱ्याकडे तोंड करून उभी राहिली, आणि माझ्या नाकात कुठून कोण जाणे पोस्टर कलरचा वास आला. उन्हात तापलेल्या पुठ्ठ्याचा, आणि त्यावर वाळणाऱ्या रंगाचा.

*

आमचा पानमळा गावाच्या दुसऱ्या अंगाला होता. विड्याची पानं आणि औषधाला जाणारी पानपिंपरी. ज्यानं पानमळा पाहिला नाही त्याला तिथला उजेड सांगणं कठीण. शेवरीच्या झाडांच्या दाट ओळी, त्यांवर चढवलेले वेल, चारी बाजूंनी वारा अडवणारा कूड. भर उन्हाळ्याच्या दुपारी आत शिरलं की अंगावर ओल चढायची आणि उन्हाचे बारके बारके तुकडे जमिनीवर, पाटाच्या पाण्यावर, वाकून वेल बांधणाऱ्या आबांच्या बनियनवर हलत राहायचे. बाहेरचं जग कुडाच्या फटीतून दिसायचं तेवढंच. एक पट्टी आभाळ, एक पट्टी रस्ता, त्यात मध्येच कुणाची तरी सायकल. पिंपरी वाळत घातली की साऱ्या घराला तिखट वास लागायचा. माय म्हणायची, चहातही पिंपरी उतरली बाप्पा.

संध्याकाळी पाणी देऊन आम्ही घरी यायला निघायचो तेव्हा ताई शेवऱ्यांना धडकायची. पाटात पाय घालायची. ठेवलेली टोपली तिला दिसायची नाही, पानं सांडायची. आबा वैतागायचे. "डोये फुटले काय वं तुये?" ते म्हणायचे. आमच्याकडे हे सगळेच बाप सगळ्याच पोरींना म्हणत, त्यात विशेष काही नव्हतं. ताई खाली बसून चाचपत पानं गोळा करायची. ती धांदरट आहे, असं घरात ठरून गेलं होतं.

पण भुलाबाईच्या दिवसांत ताईला कुणी हरवू शकत नसे. आश्विनातल्या संध्याकाळी, गाणी झाली की ज्या घरी भुलाबाई मांडलेली असेल ती मुलगी खिरापतीचा डबा झाकण लावून आणायची आणि कानाशी हलवायची. आत काय आहे ते ओळखायचं. आम्ही सगळ्या उगीच मुरमुरे, फुटाणे, करंजी असं ओरडत सुटायचो. ताई डोळे मिटून बसायची, आणखी एकदा हलव म्हणायची, आणि सांगायची, "शेंगदाणे आहेत. पण साखर लावलेले." बहुतेक वेळा बरोबर निघायचं. मुली चिडायच्या. आता गल्लीत भुलाबाई मांडत नाहीत. त्या डब्याचा खुळखुळ मात्र मला अजून आठवतो, आणि ताईची जराशी कललेली मान.

दर्यापूरला मावशीकडे जायचं तर छोटी गाडी होती. नॅरोगेजची, माणसाच्या धावण्याइतकीच धावणारी. ताई खिडकीशी बसायची आणि मला मांडीवर घ्यायची. एकदा तिनं साडीच्या खोक्याचं झाकण आणलं होतं, मधोमध चौकोन कापलेलं. ते माझ्या डोळ्यांपुढे धरून म्हणाली, "आता पाय." मी पाहिलं. तेच बाभळीचं झाड, तीच म्हैस, तेच वावर. पण चौकोनात आल्याबरोबर म्हैस कुणीतरी मुद्दाम आणून उभी केल्यासारखी वाटायला लागली. गाडी पुढे गेली, म्हैस चौकोनातून सरकत निघून गेली, आणि मी झाकण बाजूला करून तिला शोधलं. ती होती तिथेच होती. ताई हसली. मी तेव्हा पहिली-दुसरीत असेन.

*

ताई चित्रकलेची शिक्षिका झाली, गावातल्याच एका शाळेत. मी अमरावतीला शिकायला गेले ती एका स्टुडिओत टिकले आणि लग्नाची शूटिंग करायला लागले. तेव्हा या धंद्यात बाया नव्हत्याच. त्यामुळे हळदीला, मेंदीला, बायकांच्या खोलीत शिरायला मला मागणी असायची. खांद्यावर कॅमेरा, मागे हॅलोजन धरलेला माणूस, घामानं निथळणारी नवरी. मग स्टुडिओत बसून मिक्सिंग. गुलाबाच्या फुलातून नवरीचा चेहरा बाहेर काढायचा, नवरदेव ढगातून उतरवायचा. लोकांना ते हवं असायचं आणि मला ते चांगलं जमायचं.

एका वर्षी उन्हाळा लागता लागता ताईनं मला अकोल्याला सोबत बोलावलं. घरी सांगितलं, कापड घ्यायला जातो. गाडीत बसल्यावर मला म्हणाली, "डोळ्याच्या डॉक्टरकडे जायचं आहे. वर्गात कडेच्या पोरांचे हात मला दिसत नाहीत. हेडमास्तरांकडे तक्रार गेली, बाई आमच्याकडे पाहतच नाहीत म्हणून."

दवाखान्यात तिला एका पांढऱ्या, मोठ्या, आतून गोल भांड्यासारख्या यंत्रासमोर बसवलं. हनुवटी टेकवायची, समोरच्या ठिपक्याकडे पाहत राहायचं, आणि आजूबाजूला कुठेही उजेड लुकलुकला की हातातलं बटण दाबायचं. मला दाराशी उभं राहू दिलं होतं. भांड्यात उजेड लागत होते, विझत होते. ताईचा अंगठा हलत नव्हता. यंत्र चालवणारी मुलगी म्हणाली, "मॅडम, झोप लागली का?" ताई म्हणाली, "नाही. जागी आहे."

थोड्या वेळानं कागद निघाला. मध्ये पांढरा, वेडावाकडा, एखाद्या तलावासारखा आकार, आणि भोवती सगळं काळं. डॉक्टर सावकाश बोलले. पडद्याच्या कडा वाळत चालल्या आहेत, लहानपणापासूनच असणार. मधलं शाबूत आहे. ते कमी कमी होत जाईल. किती दिवसांत, सांगता येत नाही. औषध नाही. ताईनं त्यांना एकच प्रश्न विचारला. "कडांना दिसत नाही, तर मग मला तिथं काळं का दिसत नाही?"

"मेंदू भरून काढतो," डॉक्टर म्हणाले. "आजूबाजूला जे असेल त्यानं."

परतीच्या बसमध्ये अकोटपर्यंत ताई खिडकीशी बसून बाहेर पाहत होती. नांगरलेली वावरं, कापसाच्या वाळक्या पऱ्हाटीचे ढीग, उन्हात थरथरणारं सगळं. अकोट सुटल्यावर डोंगर दिसायला लागला तेव्हा म्हणाली, "तुझा कॅमेरा कधी मोकळा असते?"

"लग्नाची तारीख नसली की. काहून?"

"मले एक फिल्म काढायची आहे."

"कशाची?"

तिनं बोट खिडकीच्या काचेवर टेकवलं. "ह्याची."

*

बसमधून दिसली ती मोरी आम्ही पक्की केली. तिपाई तिथे मांडली की समोर वावर, वावराच्या टोकाला एक विहीर, तिच्या बाजूला बाभूळ, मागे डोंगर. कॅमेरा हलवायचा नाही, जवळ न्यायचा नाही, दूर न्यायचा नाही, हे ताईनं आधीच सांगून टाकलं होतं. माझे हात शिवशिवायचे. एखादा पक्षी उडाला की बोट आपोआप झूमकडे जायचं, आणि ताई न पाहता म्हणायची, "राहू दे."

पहिल्यांदा तिनं कागदावरचा तो तलावासारखा आकार काळ्या पुठ्ठ्यावर मोठा करून कापला. माझ्या ओळखीच्या सुताराकडून एक लाकडी चौकट करून घेतली, ती कॅमेऱ्यापुढे थोड्या अंतरावर उभी केली, तिच्यात पुठ्ठा बसवला. भोकातून वावर दिसत होतं, भोवती काळं. मी शूट केलं, आणि कॅमेऱ्याच्या बारक्या पडद्यावर तिला दाखवलं.

"हे खोटं आहे," ती म्हणाली.

"काहून? असंच तर होतं कागदावर."

"कागदावर असंन. मले काळं नाही दिसत." ती कठड्यावर बसली. "तुले तुझ्या पाठीमागचं काय दिसते?"

"पाठीमागचं कसं दिसंन?"

"काळं दिसते का?"

मी विचार केला. काळं दिसत नव्हतं. काहीच दिसत नव्हतं, आणि काही दिसत नाही हेही दिसत नव्हतं.

"तसं," ती म्हणाली.

नंतर आम्ही पांढरा पुठ्ठा लावून पाहिला, मातीच्या रंगाचा लावून पाहिला. काही जमेना. मग एक दिवस ती रंगांच्या बाटल्या घेऊनच मोरीवर आली. कोरा पुठ्ठा चौकटीत बसवला, मध्ये भोक पाडलं, आणि भोकाभोवती समोरचंच वावर रंगवायला बसली. खरी जमीन जिथे पुठ्ठ्याच्या मागे लपत होती, तिथून पुढे रंगाची जमीन. खरं आभाळ जिथे तुटत होतं, तिथून रंगाचं आभाळ. डोंगराची रेघ भोकातून सरळ बाहेर येऊन पुठ्ठ्यावर चालायला लागायची. दर काही मिनिटांनी ती उठायची, कॅमेऱ्यातून पाहायची, परत बसायची. त्या दिवशी दुपारी एका क्षणी मी कॅमेऱ्यात डोळा लावला आणि मला भोकच सापडेना. नुसतं वावर. एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत अख्खं, कुठे जोड नाही.

"ताई, दिसून नाही राहिलं," मी म्हटलं.

"काय?"

"भोक."

"हो ना," ती म्हणाली. "मलेही नाही दिसत."

उजेड मात्र ऐकायचा नाही. ऊन जरा कललं की खरी माती तांबूस व्हायची आणि रंगाची माती तशीच काळी राहायची, जोड उघडा पडायचा. रोज थोडाच वेळ दोन्ही जुळायचे. त्या वेळेची वाट पाहणं हेच आमचं खरं काम. सकाळी भाकरी, ठेचा, कांदा बांधून निघायचं, मोरीवर मांडून बसायचं. खालच्या नळ्यांतून वारा घुमायचा. चैत्रात मातीला भेगा, एवढ्या रुंद की ताई त्यांत वाकून पाहायची. मृगाच्या आधी वखरलेली जमीन, काळ्या लोण्यासारखी. श्रावणात हिरवं, डोळ्यांत न मावणारं. त्याचा पुठ्ठा रंगवताना तिची हिरव्याची बाटली संपली आणि पिवळ्यात निळं घालून निभावलं. दिवाळीला कापूस फुटला. ते पांढरे ठिपके रंगवायला तिनं सरकी काढलेला खरा कापूस चिकटवून पाहिला, मग हसून काढून टाकला. हातांना रंग, केसांत कापूस. दुरून वेचणाऱ्या बायांच्या बोलण्याचा आवाज यायचा, शब्द नाही, नुसता चढउतार.

दर ऋतूचा पुठ्ठा वेगळा, आणि दर पुठ्ठ्यातलं भोक आधीच्यापेक्षा लहान. अकोल्याहून नवा कागद आणला की ताई तो मापून घ्यायची. त्याबद्दल आम्ही बोलत नसू. एकदाच, माघात, हरभऱ्याच्या वेळी, कापून झाल्यावर भोकातून पडलेला तुकडा तिनं उचलला, तळहातावर ठेवला आणि किती तरी वेळ पाहत राहिली. आधीच्या भोकांचे तुकडे फेकून दिले होते. हा तिनं पिशवीत टाकला.

वावर रिकामं असेल तर गंमत कळायची नाही. कुणी तरी त्यातून जायला हवं होतं. वावराचा मालक बैलगाडी घेऊन जायचा, तो आला. शाळेतली पोरं सायकलवरून गेली. आणि दिवाळीच्या सुमारास एक दिवस ताईनं आबांना बोलावलं. घरी तोवर कुणाला डोळ्यांचं काही माहीत नव्हतं. आबांना वाटत होतं, पोरगी शाळेसाठी काही तरी काढून राहिली.

"म्या काय करू?" त्यांनी विचारलं.

"काही नाही. त्या धुऱ्यानं तिकडून इकडं चालत जा."

"अन् मंग?"

"मंग झालं."

आबा डोक्यावरची टोपी सारखी करून बांधावरून चालत गेले. वावरातल्या माणसासारखे नाही, लग्नात आहेराला जावं तसे. पलीकडे पोचल्यावर वळून म्हणाले, "एवढंच?"

*

फिल्म मी स्टुडिओत जोडली. त्यात गुलाब नाही, ढग नाही, गाणं नाही. वाऱ्याचा आवाज, पाखरं, रस्त्यावरून जाणारा ट्रक. अमरावतीच्या एका कॉलेजातल्या सरांनी दुपारी हॉल दिला. मुलं बऱ्यापैकी जमली होती.

सुरुवातीचं वावर पडद्यावर आलं आणि तसंच राहिलं. मागून कुणी तरी म्हणालं, "अटकली का काय?" मग वावराच्या मधोमध, कुठूनही न येता, बैलाचं तोंड उगवलं. मग दुसरा बैल, मग जू, मग गाडी. सगळे दचकले. गाडी थोडी पुढे गेली आणि बैलांपासून पुसली जात जात नाहीशी झाली. वावर होतं तसं अख्खं. मुलं हसली. पुढच्या वेळी सायकली उगवल्या तेव्हाही हसली. पण भोक लहान होत गेलं, माणसं आणखी उशिरा उगवायला लागली, आणखी लवकर मिटायला लागली, तसा हॉलमधला आवाज कमी होत गेला. शेवटी हरभऱ्याच्या वावरात एक चिमणी एवढीच दिसली. किंवा चिमणीसारखं काही तरी.

दिवे लागल्यावर एका मुलानं विचारलं, "कॉम्प्युटरवर केलं का?"

"नाही," ताई म्हणाली, "पुठ्ठ्यावर."

दुसरी एक मुलगी उठली. "यातून तुम्हाला काय म्हणायचं आहे, मॅडम?"

मला वाटलं ताई काही तरी सांगून वेळ मारून नेईल. तिनं कधीच कुणाला सांगितलं नव्हतं. "म्हणायचं काही नाही," ती म्हणाली. "मला असं दिसतं. सुरुवातीला होतं तसं आधी दिसायचं, शेवटी होतं तसं आता दिसतं."

त्या मुलांत आमच्या गावचं कुणी तरी होतं. आम्ही दोन दिवसांनी घरी पोचलो, बातमी आधीच पोचली होती. पानबाजारात, पानांचे डाग, म्हणजे बांधलेले गठ्ठे, मोजता मोजता कुणी तरी आबांना म्हणालं होतं, तुमच्या मंदाले दिसत नाही म्हणते, खरं आहे का? आबा माल तसाच टाकून घरी आले होते. माय चुलीपुढे बसून रडत होती. आबांनी आम्हाला चहाही घेऊ दिला नाही.

"काय केलं ते दाखव," ते म्हणाले.

टीव्हीला वायर जोडली. दुपारची वेळ होती, मायनं दार ओढून घेतलं. आबा बाजेवर बसले, ताई भिंतीला टेकून खाली. बैल उगवले, सायकली उगवल्या. मग दिवाळीचं वावर आलं, कापूस फुटलेलं, आणि बराच वेळ काही झालं नाही. मग मधोमध, हवेतून, एक टोपी आली, आणि टोपीखाली आबा.

ते पुढे वाकले. पडद्यावरचे आबा दोन-चार पावलं चालले आणि गेले.

"म्या कुठून आलो?" त्यांनी विचारलं.

"डावीकडून, आबा. धुऱ्यानं."

"तिकडून तं म्या लय लांबून आलो. विहिरीपासून चालून राहिलो होतो." ते टीव्हीकडे बोट करून बोलत होते. "मंग दिसलो काहून नाई?"

"तेच तर," ताई म्हणाली.

आबा तसेच बोट रोखून बसले. मी फिल्म थांबवली नाही, पुढचं वावर आलं. आबा त्याच्याकडे पाहत नव्हते. मला वाटतं, ते पानमळ्यात होते. शेवऱ्या, पाट, सांडलेली टोपली, संध्याकाळ. त्यांनी खांद्यावरचं उपरणं काढून तोंड पुसलं, परत खांद्यावर टाकलं. मग उठले, बाज सोडून ताईच्या अगदी समोर आले, आणि जमिनीवर बसले. गुडघ्याला गुडघा लागेल एवढे.

"आता दिसून राहिलो?"

"हो."

"सगळा?"

ताई हसली. "तोंड दिसून राहिलं."

"बस झालं," आबा म्हणाले.

या गोष्टीवर आमच्या घरात पुन्हा बोलणं झालं नाही. पण त्या दिवसापासून आबा ताईशी बाजूनं बोलले नाहीत. तिला हाक मारायची असली की हातातलं काम ठेवून, फिरून, तिच्या पुढ्यात येऊन उभे राहायचे आणि मग "मंदे" म्हणायचे. तिच्याकडे साधं पाणी मागायचं असलं तरी. मळ्यात त्यांनी तिच्या येण्याजाण्याच्या वाटेवर टोपली ठेवणं बंद केलं. पाहुणे आले की आबा त्यांना खुर्ची अशी ओढून द्यायचे की तो माणूस ताईच्या समोर यावा. लोकांना वाटायचं, म्हातारा आग्रही आहे. पुढे तिला तोंडही दिसेनासं झालं, तरी ते समोरच येत राहिले. आबा गेले त्या आधीच्या आठवड्यातही, भिंत धरत धरत, बाजेवरून उठून तिच्या पुढ्यात आले होते.

शाळेनं ताईला वर्ष पुरं करू दिलं, पुढचंही. मग तिनंच सोडली. अमरावतीला माझ्याकडे आली. आता मुलांना मातीकाम शिकवते. ज्यांना दिसत नाही अशांना, आणि दिसतं अशांनाही. तिचे बैल बरे होतात. पानमळा विकला. छोटी गाडी बंद झाली. स्टुडिओ माझा झाला, त्यात आता ड्रोन आहे, नवरी वरून, आभाळातून दिसते. ती फिल्म कॅसेटवरून उतरवून ठेवली आहे. वर्षातून एखादं कुणी तरी मागतं, मी पाठवते. पुठ्ठे गावच्या घरी माळ्यावर होते, एका पावसाळ्यात भिजले. रंगाचं वावर एकमेकांत मिसळलं. मायनं ते चुलीत घातले.

*

"काय दिसून राहिलं?" ताईनं विचारलं. आम्ही गाडीला टेकून उभ्या होतो.

मी सांगत गेले. तूर फुलावर आहे, विहिरीवर आता सोलरची पाटी लागली, बाभूळ आहे पण एका अंगानं वाळली. तिनं मध्ये एकदाही अडवलं नाही. सांगून झाल्यावर म्हणाली, "काढ."

"काय?"

"शूटिंग. मोबाइल आहे ना."

गाडीत माझी लहान तिपाई असतेच. मोबाइल लावला, वावर बरोबर बसवलं, सुरू केलं. तेवढ्यात मागून मोटारसायकल येऊन थांबली. पन्नाशीचा माणूस, डोक्याला दुपट्टा, हँडलला दुधाची बरणी. तिपाईकडे संशयानं पाहत होता.

"पुन्हा मोजणी हाय का?" त्यानं विचारलं. "मागच्या डावाले रोडनं एक पट्टा नेला माया. अजून किती नेसान?"

"मोजणी नाही दादा," ताई म्हणाली. "तुमचं वावर पाहून राहिलो."

त्यानं तिच्या काठीकडे पाहिलं, काळ्या चष्म्याकडे पाहिलं. मग माझ्याकडे. काही विचारावं की नाही, असं त्याला झालं असावं.

"आम्ही इथं फिल्म काढली होती," ताई म्हणाली, "या वावरात. बैलगाडी घेऊन कोणी यायचे."

"ते माये बाबा," तो म्हणाला. "सांगत होते ते. दोन पोरी येतात, नुसत्या बसून राहतात." तो थोडा हसला. "ते गेले आता."

"आमचेही," ताई म्हणाली.

ट्रक गेला, तूर हलली. मग तो म्हणाला, "चालू हाय का ते? म्या बाजूले होतो मंग."

"नका होऊ," ताई म्हणाली. "वावरात जा तुम्ही. घेतो तुमाले."

त्यानं बरणी रस्त्याच्या कडेला ठेवली, दुपट्टा सोडून झटकून पुन्हा बांधला, आणि पत्र्याची पट्टी ओलांडून खाली उतरला. मला वाटलं, चार पावलं जाऊन उभा राहील. तो चालतच राहिला. तुरीच्या ओळीतून, पार आतपर्यंत, विहिरीकडे. मोबाइलच्या पडद्यावर तो बोटाएवढा झाला, मग नखाएवढा. तिथे जाऊन वळला, हात बाजूला सोडून ताठ उभा राहिला, आणि वाऱ्यावरून त्याचा आवाज आला.

"दिसून राहिलो का?"

मी तोंड उघडायच्या आत ताईनं हात वर केला. नेमका आवाजाच्या रोखानं.

"हो," ती ओरडून म्हणाली. "दिसून राहिले."